साहेबाच्या घरचं आमटीचं भांडं

आमच्या घरातलं आमटीचं भांडं ऐतिहासिक आहे, असं मी वीस वर्षं लोकांना सांगत आलो.

पांढरंशुभ्र, निळ्या काठाचं, एका बाजूला उतरतं आणि धरायला जाडजूड पोकळ दांडा. आबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ते दौंडच्या जुन्या बाजारातून केंदूरला आणलं. आबा म्हणायचे, रेल्वेचा गोरा साहेब यातून सूप प्यायचा. मामा म्हणायचे, "सूप न्हाई, क्येक भाजायचा! दांडा पोकळ कशाला? वाफ जायला!" यावरून दोघं दोन दिवाळ्या बोलत नव्हते. मी पडलो अभ्यासू! दोन्ही मतं पाहुण्यांना सांगायचो आणि त्यातूनच आमटी वाढायचो.

मग मुलाचं लग्न झालं. सून पल्लवी, शिरूरच्या एका दवाखान्यात नर्स. पहिल्याच जेवणाला तिनं भांड्याकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं आणि ताट मागं ओढलं.

"आमटी घे की, पोरी."

"नको आप्पा, पोट भरलंय." (भाकरी अजून मोडलीही नव्हती!)

आठवडाभर तेच. कोरडी भाकरी आणि ठेचा. बायको कुजबुजली, "अवो, पोरगी माहेरी पळायच्या बेतात हाय."

मला वाटलं, आमटीत आपण काही कालवतो असा हिला संशय असणार. तो फेडायला मी तिच्यासमोर दोन वाट्या ओरपल्या. ती तोंड दाबून मोरीकडं धावली!

"गोड बातमी!" बायको हरखली.

"अगं, लग्नाला नऊच दिवस झालेत."

बायकोनं बोटं मोजली आणि मटकन खाली बसली.

दुसऱ्याच दिवशी केडगावहून व्याह्यांना तातडीनं बोलावलं. विषय नाजूक, म्हणून आधी जेवण. व्याह्यांनी भुरका मारून दुसऱ्यांदा वाटी पुढं केली, तशी पल्लवी ओरडली, "बाबा, नका खाऊ! ते बेडपॅन हाय!"

"म्हंजी?"

"अंथरुणावरच्या पेशंटला... संडासला देत्यात ते!"

व्याह्यांचा घास ना आत, ना बाहेर. पंगतीच्या टोकाला बसलेल्या आबांचा चेहरा मात्र फुलला. "बघा! क्येकचं न्हाईच म्हणत व्हतो मी!"

बायकोनं सुनेला पोटाशी धरलं आणि माझ्याकडं असं पाहिलं, की मी आठ दिवस शेतावरच जेवलो.

गेल्या महिन्यात माझी कंबर धरली. डॉक्टर म्हणाले, अजिबात उठायचं नाही. पल्लवी मुकाट्यानं तेच भांडं धुऊन माझ्याजवळ घेऊन आली.

सवयीनं माझ्या तोंडून गेलं, "आज कसली आमटी हाय?"