भुरी शेळीचे पाच श्वास

नव्वद सालानंतरची बारा-तेरा वर्षं मी अंगणवाडीच्या वयाच्या पोरांसाठी टीव्हीचा कार्यक्रम लिहिला. स्क्रिप्टचे कागद केव्हाच वाळवीनं खाल्ले. किस्से मात्र तिला सापडले नाहीत. जुन्या टीममधलं कुणी भेटलं, की एक निघतो आणि त्याच्या मागं चार येतात!

*

मी चौथी शिकलेला. येडगावच्या बालवाडीत पोरांना गोष्टी सांगायचो. शूटिंगची जागा बघायला आलेल्या दिग्दर्शक मॅडमनी त्या ऐकल्या आणि मला पुण्याला मीटिंगला बोलावलं. टेबलाभोवती प्रत्येक जण आपलं शिक्षण सांगत होता. एम.ए., एम.एड., एक तर डॉक्टरेट! माझी पाळी आली. मी हळूच म्हणालो, "चौथी."

मॅडम म्हणाल्या, "चला, प्रेक्षकांच्या जवळचा एक तरी माणूस मिळाला!"

*

कार्यक्रमात भुरी नावाची कापडी शेळी होती. ती पोरांना प्रश्न विचारायची. लिहिलेलं सगळं मी आधी पोरांना वाचून दाखवायचो. पोरं चुळबुळली, की ते वाक्य खोडायचो.

नारायणगावात एकदा वजाबाकी वाचली. "भुरीजवळ पाच टोमॅटो होते. तिनं दोन खाल्ले. किती उरले?"

एक पोरगी म्हणाली, "एकबी न्हाई!"

"अगं, दोनच खाल्ले ना?"

"आजोबा, शेळी वावरात शिरल्यावर काय उरतंय व्हय?"

मी टोमॅटो भुरीकडून काढून घेतले आणि एका आजीला दिले!

*

एकदा भुरीला घेऊन मंचरहून जीपनं निघालो. जीप खच्चून भरलेली. पिशवीतून भुरीचं डोकं बाहेर. शेजारची म्हातारी बराच वेळ तिच्याकडं बघत होती.

"पावणं, लई गुणाची हाय हो तुमची शेळी. आमची असती तर आत्तापत्तुर माजा पदर खाऊन मोकळी झाली असती!"

*

भुरीनं प्रश्न विचारला, की त्यापुढं मी कागदावर लिहायचो, "थांबा. पाच श्वास." तेवढा वेळ भुरी नुसती पोरांकडं बघणार. उत्तर सुचायला पोरांना वेळ लागतो. मला तर अजून लागतो.

एडिटर दिनू वैतागायचा. "बाबा, पाच श्वास कुणाचे?"

"माझे."

"अहो, तुमच्या एका श्वासात माझी एक जाहिरात बसते!"

पुढं चॅनेलवाल्यांचीही तक्रार आली. मॅडमनी मला बोलावलं. "टीव्हीवर आवाज थांबला, की लोकांना वाटतं सेट बिघडला. नव्या भागांत हे थांबणं काढून टाकायचं."

"मग प्रश्नबी काढा."

"असं कसं चालेल, बाबा?"

"पोरांना इचारायचं आन् बोलू द्यायचं न्हाई, असलं मी लिहिणार न्हाई. दुसरा माणूस बघा."

एवढं सलग मी त्या ऑफिसात कधी बोललो नव्हतो. कॅसेट घेऊन आत येणारा दिनू दारातच उभा राहिला. शेवटी मी म्हणालो, "एकदा पोरांत बसून बघा. मग काय ते ठरवा."

*

मॅडम आल्या. येडगावच्या अंगणवाडीत सतरंजीवर वीसेक पोरं, समोर टीव्ही. मॅडम मागं बसल्या, नजर घड्याळावर. भुरीनं विचारलं, "तुमच्या घरी सगळ्यात आधी कोण उठतं?"

आणि लाइट गेली! पडदा काळा. आता मॅडमना काय दाखवणार?

पोरं मात्र जागची हलली नाहीत.

"माजी आई!"

"कोंबडा!"

"आमचा आजा! खोकत उठतो!"

मग सगळी गप्प झाली आणि त्या काळ्या पडद्याकडं बघत बसली. कोपऱ्यातली सुमी तेवढी ओठ हलवत होती, आवाज फुटत नव्हता. पाच श्वास झाले. दहा झाले.

मॅडम उठल्या. "बाबा, लाइट गेलीय, आता उगीच..."

पुढं बसलेली चार वर्षांची पोर मागं वळली. तिनं ओठांवर बोट ठेवलं.

"शूऽऽ! बोलू नका. सुमीचं ऱ्हायलंय. भुरी थांबलीया."