कोहिनूरच्या जॉयस्टिकची फाईल

मन्नाएखेळ्ळीत हायवेला लागून संगमेशचं कॉम्प्युटर दुरुस्तीचं दुकान आहे आणि त्याला चिकटून माझं झेरॉक्सचं. पंधरा वर्षं मी त्याच्या बढाया ऐकत आलोय, त्यामुळे त्याच्याविषयी बोलायचा हक्क मला आहे.

माणूस गुणी. पण 'मला सगळं ठाऊक' हा त्याचा जुना आजार. जुने गेम चालू करून देण्यात त्याचा हात धरणारा आमच्या भागात कुणी नव्हता. त्यानंच मला सांगितलं होतं, की या जुन्या गेमला स्वतःला ना चित्र काढता येतं, ना खेळणाऱ्याच्या हाताची हालचाल कळते. ती कामं वेगळ्या फायली करतात, नावाच्या शेवटी डीएलएल लिहिलेल्या. एकेक फाईल दहा गेम मिळून वापरतात, गल्लीतल्या सामाईक नळासारखी. संगमेशकडे अशा फायलींनी भरलेली अख्खी हार्ड डिस्क होती. गिऱ्हाईकाचं बोलणं संपायच्या आत हा फाईल टाकून मोकळा. 'जुनी फाईल बदलू का?' असं कॉम्प्युटरनं विचारलं की न वाचता 'हो'. मी एकदा म्हटलं, "अरे, वाच तरी." तर म्हणाला, "अण्णा, तुमी झेरॉक्स काढताना कागद वाचता काय?"

मी ते हसण्यावारी नेलं. न्यायला नको होतं.

गेल्या उन्हाळ्यात कोहिनूरहून प्रेरणा नावाची बाई आली, हुमनाबादला बस बदलून, कॉम्प्युटर आणि जॉयस्टिक मांडीवर घेऊन. तिचा धाकटा भाऊ धम्मानंद नऊ वर्षांपूर्वी विजेच्या खांबावरून पडला आणि मानेखालचं सगळं अंग गेलं. उजव्या हाताचा अंगठा तेवढा जरासा हलतो. त्या अंगठ्यानं तो रोज दुपारी जॉयस्टिकवर गाड्यांच्या शर्यतीचा एक जुना गेम खेळायचा. दिवसभरात स्वतःच्या मर्जीनं, स्वतःच्या हातानं करता येईल असं त्याला तेवढंच उरलं होतं. आता गेममधला रस्ताच काळा दिसू लागला होता.

"तेवढं चित्र नीट करा अण्णा," प्रेरणा संगमेशला म्हणाली. "बाकी कशाला हात लावू नका."

संगमेशनं चित्राची फाईल टाकली, रस्ता दिसू लागला. तेवढ्यावर थांबेल तर तो संगमेश कसला? जॉयस्टिकची फाईल त्याला जुनाट वाटली, म्हणून तीही बदलली. कॉम्प्युटरनं विचारलं, यानं 'हो' म्हटलं. मग जॉयस्टिक धरून स्वतः दोन फेऱ्या मारल्या, एक मलाही मारायला लावली. गाडी झकास पळाली.

दुसऱ्या दिवशी संगमेशला प्रेरणाचा फोन आला. "गाडी वळंना झालीय अण्णा. दाबून दाबून त्याचा अंगठा दुखायलाय."

तिच्याकडूनच कळलं, की जॉयस्टिकची आधीची फाईल हैदराबादच्या एका माणसानं धम्मानंदसाठी मुद्दाम बदलून दिलेली होती. अंगठा नुसता टेकला तरी गाडी पुरी वळावी, अशी. तिची दुसरी प्रत कुठंच नव्हती आणि त्या माणसाचा फोन कायमचा बंद होता. पुसलेली फाईल परत आणायचे सगळे उपाय संगमेशनं करून पाहिले. त्याच नावाच्या अकरा फायली त्याच्या डिस्कवर निघाल्या, सगळ्या धडधाकट हातांसाठीच्या. त्याचं तोंड एवढंसं झालं. मला त्याचा संताप आला आणि कीवही आली, आणि आपणही ती एक फेरी मारलीच होती हे काही केल्या विसरता येईना.

रविवारी आम्ही दोघं कोहिनूरला गेलो. धम्मानंद खाटेवर उशांना टेकून होता. संगमेश माफी मागायला लागला, तर धम्मानंदच म्हणाला, "चित्र लई भारी आलंय. कडंची झाडं बी दिसायलीत."

"तुमी सांगा, मी बटनं दाबतो," संगमेश म्हणाला आणि कीबोर्ड घेऊन बसला.

"डावं," धम्मानंद म्हणाला. शब्द ऐकून बोट हलेपर्यंत गाडी भिंतीला भिडली. "उजवं." पुन्हा भिंत. चार-पाच वेळा तसंच झालं.

"ऱ्हाऊ द्या. तुमीच चालवा अण्णा, मी बघतो."

संगमेश चालवत राहिला. प्रेरणा चहा ठेवायला आत गेली. माझं लक्ष चादरीवर गेलं, आणि संगमेशचंही गेलं असावं, कारण स्क्रीनला लावलेली नजर त्यानं मग हलवलीच नाही. प्रत्येक वळणाला, संगमेशचं बोट हलायच्या आधी, धम्मानंदचा अंगठा बरोबर त्या बाजूला झुकत होता.