विहिरीवरचा आवाज

आमच्या शेजारचा डेरिक सिनेमात आहे, असं मी निर्मळ गावभर सांगून ठेवलंय. कुठल्या सिनेमात, असं कुणी विचारलं की मी केळीच्या भावावर येते. कारण तो कुठेच दिसत नाही. माहितीपट काढणाऱ्यांना तो जुनी चित्रणं शोधून देतो.

"म्हणजे भंगारवालाच की रे!"

"हो काकी, फक्त मी विचारून नेतो."

यंदा काम आलं ते आमच्याच विहिरींचं. लग्नाच्या आदल्या दिवशी बायका गात विहिरीवर जातात, नवरीच्या आंघोळीचं पाणी आणतात. ते चित्रण हवं होतं, गाण्यासकट. घरोघरच्या कपाटांतून लग्नाच्या कॅसेटी निघाल्या खऱ्या, पण जुन्या शूटिंगवाल्यांची हौस दांडगी! मूळ आवाज पुसून सगळीकडे फिल्मी गाणी चढवलेली. बायका तोंडं हलवतायत आणि गातेय भलतीच.

गाण्यात पुढे असायची डेरिकची आई, कॅथरीन. तो लहान असतानाच गेली. तिचे हलणारे ओठ त्यानं कितीतरी कॅसेटींत पाहिले होते, आवाज मात्र आठवत नव्हता. हे तो बोलायचा नाही. पण कॅसेट सुरू व्हायच्या आधीच आवाज वाढवून ठेवायचा, ते मी खिडकीतून पाहिलेलं. खिडकी कशासाठी असते?

शेवटी मीच नाक खुपसलं. "हिल्डाबायच्या लग्नाची कॅसेट आणलीस?"

"ती कुणालाच देत नाही."

"अरे, लग्नानंतर चारच दिवसांत तिचा बाप गेला. दुखवट्याच्या घरात गाणी कसली? शूटिंगवाल्या पॉलला सांगितलं होतं, आहे तशीच दे म्हणून."

डेरिक चप्पल विसरून निघाला. मी त्याची चप्पल घेऊन मागोमाग. चप्पल हे निमित्त.

हिल्डा दारातच म्हणाली, "त्यात बाबा हसतायत रे. मला नाही बघवत."

"तू नको बघूस, हिल्डाआंटी. मी एकटा बघतो."

"एकटा कशाला? ये, बस."

कॅसेट सुरू झाली. घागरी, गजरे, हिल्डाचा बाप फेटा सावरत हसतोय. हिल्डानं पदर तोंडाला लावला, पण नजर काढली नाही. मग कॅथरीननं सूर धरला. खरं सांगते, आवाज बेसूर होता. आम्ही तिच्या मागे गायचो ते केवळ धाकानं. आणि मध्येच गाणं तोडून ती कडाडली, "ए डेरिका! लांब हो तिथून, पान्यात पडशील!"

डेरिक हसायला गेला आणि रडला. हिल्डानं न सांगता कॅसेट मागे फिरवली. पुन्हा. पुन्हा.

सिनेमावाल्यांना गाणं आवडलं. ओरडणं तेवढं काढू म्हणाले. डेरिकनं कळवलं, काढा, माझ्याकडे आहे.

काल सकाळी तो विहिरीच्या कठड्याला टेकून उभा होता. मला राहवलं नाही. खिडकीतून ओरडले, "ए डेरिका! लांब हो तिथून!"

चाळिशीला टेकलेला बाप्या, दोन पावलं मागे सरला.