अक्कांचा शब्द

लहानपणी घरातल्या चळवळीच्या पत्रकांच्या कोऱ्या पाठीवर मी अक्षरं गिरवली, त्यामुळे घोषणा लिहायला मला वेळ लागत नाही. सीमेवर पुन्हा तोफा सुरू झाल्या, त्या आठवड्यात युद्धविरोधी सभेसाठी चार ओळी लिहून मी बंगळुरातच, राजाजीनगरला अण्णांकडे गेले. अण्णा म्हणजे माझे थोरले काका. जन्मभर त्यांनी दुकानांच्या पाट्या रंगवल्या. फ्लेक्स आल्यापासून घरीच असतात.

"खाली शहर, वर विमान, विमानातून बॉम्ब," मी सांगितलं.

"आणि ह्या चार ओळी कुठं घालू? कापड आहे की तुझा लेख?"

त्यांनी अंगणात कापड ताणलं. निळीत बुडवलेली सुतळी टणकन सोडून अक्षरांसाठी रेघ पाडली. मग खडूनं विमान काढलं. ते इतकं देखणं झालं की मला राग आला.

"भयंकर दिसायला हवं, अण्णा!"

"स्वल्प थांब की."

तेवढ्यात वरच्या मजल्यावरच्या अक्का कॉफी घेऊन उतरल्या. त्यांचा मुलगा हवाई दलात, येलहंक्याच्या तळावर होता. तिथून त्याला कुठे पाठवलं, ते चार दिवस कळलं नव्हतं. हे मला ठाऊक होतं. घोषणा लिहिताना आठवलं नव्हतं.

अक्कांनी पेले पायरीवर ठेवले. वाकून विमानाच्या खिडकीला बोट लावलं. "आत कोण बसलंय, ते नाही काढलं?"

अण्णांनी खडू खाली ठेवला.

"साकु, अण्णा. साकु." पुरे, एवढंच कन्नडमध्ये म्हणून त्या वर गेल्या.

माझा राग विमान धाडणाऱ्यांवर होता, चालवणाऱ्यांवर नव्हे. हे उत्तर माझ्या जिभेवर होतं, आजही ते मला खरंच वाटतं. पण अण्णा ओल्या फडक्यानं खडू पुसायला लागले होते.

"अण्णा, सभा उद्या आहे!"

"मग? शब्द मिळाला की. पण तो तिचा आहे. जा, विचारून ये."

अक्का फोन मांडीवर घेऊन बसल्या होत्या. मी अडखळत विचारलं.

"तुझ्या सभेत माझ्या मुलाला शिव्या देणार?"

"नाही, अक्का."

"सरी, ठीक आहे. मग मीच येते कापड धरायला."

अण्णांनी हातभर उंचीची लाल अक्षरं रंगवली. साकु. माझ्या चारही ओळी गेल्या.

सभेला कापडाचं एक टोक मी धरलं, दुसरं अक्कांनी. त्यांच्या रिकाम्या हातात फोन होता. तो थरथरला की त्यांचं टोक खाली यायचं, आणि त्यांनी बघून होईपर्यंत मीही माझं खाली घ्यायचे.