मुक्या आईचं काम

बाकूबाई कचरा टाकायला खाली जायची तीसुद्धा लिपस्टिक लावून. अल् घुब्राच्या आमच्या बिल्डिंगमध्ये बाकीच्या बायका गाऊनवर ओढणी टाकून उतरायच्या. ही मात्र भर उन्हात काळा ड्रेस, उंच टाचा आणि हातात कांद्याच्या सालींची पिशवी. अझरबैजानची नटी. नवरा तेलकंपनीत, म्हणून बाकू सोडून मस्कतला आलेली. तिचं नाव आम्हाला उच्चारता येईना, म्हणून बाकूबाई. तिला ते फार आवडलं, यावरूनच काय ते समजा.

ओळख होऊन दोन मिनिटं झाली नाहीत तोच तिने फोटोंचं बाड काढलं. सतराव्या वर्षी रंगभूमीवर, मग आठ सिनेमे. तिशीतच आईच्या भूमिका गळ्यात पडल्या आणि तेव्हापासून ती जवळपास प्रत्येक सिनेमात मध्यंतराआधी मरायची. "मैं बहुत अच्छा मरती," ती अभिमानाने सांगायची. हिंदी तिने लहानपणी तिकडच्या थेटरात आपले जुने सिनेमे बघून उचललेली. मी चहा प्यायले, "वा वा" म्हटलं आणि घरी येऊन नवऱ्याला तिची नक्कल करून दाखवली. अशा नट्या पैशाला पासरी मिळतात, असं माझं स्पष्ट मत होतं. आणि मत द्यायचा मला अधिकार होता: मंडळाच्या गणेशोत्सवातल्या नाटकाची मी सलग नऊ वर्षं नायिका होते.

त्या वर्षीच्या नाटकात अर्धांगवायूने वाचा गेलेल्या आईचं काम होतं. एकही वाक्य नाही, म्हणून कोणी घेईना. सेक्रेटरी गावडेकाकांना बाकूबाई सुचली. "मराठी यायला नको आणि वर प्रोफेशनल!" ते म्हणाले. ती तर रडायलाच लागली. सहा वर्षांनी स्टेज मिळणार, म्हणून काकांचे हात धरून "इन्शाल्ला, इन्शाल्ला" करत बसली. पाच मिनिटांच्या मुक्या कामासाठी एवढं! मला तिची लाजच वाटली.

तालमी दार्सैतच्या एका हॉलमध्ये असायच्या. ही अर्धा तास आधी येऊन डावा हात लुळा सोडून खुर्चीत बसायची. समोसे आले तरी तो हात हलायचा नाही. "हाथ भूल गया है, मैं कैसे याद करूँ?" नाटकीपणा तरी किती! पण माझा मोठा प्रवेश चालू असताना सगळे त्या हाताकडे बघायचे. प्रॉम्प्टरसुद्धा. माझं वाक्य अडलं तरी त्याला पत्ता नसायचा.

एकदा संहितेची वही टेबलावरून खाली पडली. मुहूर्ताला नटराजापुढे ठेवून हळदकुंकू वाहिलेली वही. बाकूबाई धावत आली आणि सगळ्यांदेखत त्या वहीवर चक्क बसली!

"अहो बाई, सरस्वती आहे ती! उठा आधी!" गावडेकाका थरथरत ओरडले. कुणीतरी वही उचलून कपाळाला लावली. तालीम तिथेच खलास.

परतताना माझ्या गाडीत तिने मला खरं काय ते सांगितलं. त्यांच्या रंगभूमीवर संहिता पडली तर नाटक पडतं म्हणतात. लगेच तिच्यावर बसलं की अरिष्ट टळतं. "नाटक बचाया मैंने. तू बोल सबको. तेरी बात मानेंगे."

मी "बोलते" म्हटलं.

दुसऱ्या दिवशी कमिटी बसली. काकांनी मला विचारलं, "तुमच्याबरोबर गेली ना ती? काही म्हणाली का?"

"छे," मी म्हटलं. "तिला काय पडलंय!"

काम गावडेकाकूंना गेलं. प्रयोगात त्या लुळ्या हाताने पदर सावरत बसल्या. टाळ्या मलाच मिळाल्या. पहिल्या रांगेत बाकूबाई उभी राहून टाळ्या वाजवत होती. मग ती मेकअपच्या खोलीत आली. पुढच्या आठवड्यात ती बाकूला परत चालली होती. तिथे तिला आता कोणी काम देणार नव्हतं, हे तिनेच सहज सांगितलं. माझे दोन्ही हात हातात घेऊन म्हणाली, "तूने सबको बताया, मालूम है मुझे. वो लोग नहीं माने, ना?"

मला माझीच किळस आली. तरी तोंडातून निघालं, "नहीं माने."

माझे डोळे भरून आले. आणि ती बिचारी आपल्या रुमालाने ते पुसायला लागली.