डावीकडची खुर्ची

खुर्चीत बसण्याआधी आबा तिच्या चाकांना लाथ मारून बघायचे. कॉम्प्युटरच्या खुर्चीला असतात तशी बारकी चाकं, पण प्रत्येकाला एकेक लाथ बसायचीच. मग टेबलाला फेरी, मग पडद्यावरून फडकं, मग चपला काढून आसनावर. कुणी हसलं की मान न वळवता विचारायचे, "लायसन हाय का तुमच्याकडं?"

हा प्रश्न ते सगळ्यांना विचारत. भाजीत मीठ जास्त झालं म्हणणाऱ्याला, पाऊस उघडेल म्हणणाऱ्याला, मला. त्यांचं स्वतःचं लायसन जाऊन पुष्कळ वर्षं झाली होती आणि आमच्या मळवलीत माणसं गप्प बसत नाहीत. "तुमचं कुठंय ते आधी सांगा," असं कुणीतरी फिरून म्हणायचंच. बहुतेक वेळा मीच म्हणायची.

आबा आमच्या शेजारच्या बंगल्याची राखण करायचे. आवारातल्या मागच्या खोलीत ते आणि त्यांची बायको राहत. तिला सगळे मावशी म्हणत, मी धरून, जरी ती माझ्याहून लहान होती. बंगल्याचे शेठ मुंबईचे, फक्त शनिवार-रविवारचे. आमच्याकडे पावसाळ्यात बंद घराला बुरशी येते. गादीला येते, पट्ट्याला येते, देवाच्या फोटोलासुद्धा येते. म्हणून बंगले राखणाऱ्यांचा रिवाज असा की मालक असो-नसो, यंत्रं फिरवायची. टीव्ही लावायचा, पंखे सोडायचे, रिकामा मिक्सरही एकदा गुरगुरवायचा. शेठचा मुलगा शिकायला परदेशी गेला तेव्हा त्याचा खेळायचा कॉम्प्युटर मागे राहिला. त्याला खरंखुरं वाटावं असं स्टिअरिंग, टेबलाखाली पायाशी पेडलं. "रोज थोडा वेळ चालू ठेवत जा, आबा," शेठ म्हणाले. आबांनी तो चालवायलाच घेतला.

तर आता माझ्याकडे बघा. मी तेव्हा तरुण होते, नुकती साठी ओलांडलेली. वडगावच्या कोर्टात जन्मभर इंग्रजी टाइप करून निवृत्त झालेली. टाइप करताना अर्थ बघत बसलं की वेग जातो, त्यामुळे मी कधी बघितला नाही. म्हणजे मला इंग्रजी येत नव्हतं, पण फार वेगाने येत नव्हतं. हे गावाला ठाऊक नव्हतं. गावाला वाटायचं बाई म्हणजे बॅरिस्टर, आणि बाईंनाही तसंच वाटायचं. शेजारच्या बंगल्यात जायलासुद्धा ती बया इस्त्रीची साडी नेसून, पर्स घेऊन जायची. पर्समध्ये काय, तर चष्मा आणि वेलदोडे.

एक दिवस मावशी कुंपणापाशी आली. "बाई, जरा येता का? आमच्या ह्यांना विंग्रजी वाचून दाखवा, न्हाईतर ते मशीन फोडत्यात आज."

आबांना मशीनमध्ये ट्रक चालवायचा एक खेळ सापडला होता. खेळ उत्तम, पण रस्ते विलायती. आबा म्हणाले, "बाई, ह्ये काय रस्तं हायेत? गुळगुळीत, कुतरं न्हाई, म्हस न्हाई. झोप येती ओ!" मग कुणाकडून तरी त्यांना कळलं की खेळात बाहेरून भर घालता येते. तिला मॉड म्हणतात. विलायती ट्रकच्या जागी आपल्याकडचा ट्रक, आपला भोंगा. इतकंच काय, कुणा हौशी माणसाने आपला जुना घाटही करून ठेवला होता. हे मॉड सांभाळणारं एक वेगळं सॉफ्टवेअर असतं. ते शेठच्या मुलाने टाकून ठेवलेलंच होतं. ते उघडलं की पहिल्यांदा एकच गोष्ट विचारतं: खेळ कोणता?

पडद्यावर चित्रांच्या रांगा. वर, मशीनमध्ये त्याला आपणहून सापडलेले खेळ. खाली फिकट रंगात, त्याला ओळखीचे पण इथे न सापडलेले. वरच्या रांगेत एक तलवारवाला होता, एक अर्धी उघडी बाई होती आणि एक शेत होतं. शेतात ट्रॅक्टर उभा. मी चष्मा लावला, सगळ्या पडद्यावरून न्यायाधीशासारखी नजर फिरवली आणि ट्रॅक्टरवर बोट ठेवलं. "हाच तुमचा खेळ. वाहन दिसतंय ना?"

"बाई, ह्यो टॅक्टर हाय."

"आबा, इंग्रजी तुम्हाला येतं की मला?"

शेताचा खेळ निवडला म्हटल्यावर सॉफ्टवेअरने शेताचेच मॉड पुढे केले. आम्ही मोठ्या भक्तीने त्यातले घेतले. आबांनी खेळ सुरू केला तर समोर गोठा आणि सात काळ्याभोर म्हशी. मावशी लसूण सोलत होती, ती उचकी लागेपर्यंत हसली. "म्हस न्हाई म्हस न्हाई करत व्हता न्हवं? घ्या आता, धारा काढा."

पुढचे काही दिवस आबा मला बघितलं की कुंपणावरून हंबरायचे.

शेवटी पुण्याच्या नातीला फोन केला. ती म्हणाली, "आजी, खेळ दुसऱ्या डिस्कवर असेल तर सॉफ्टवेअरला सापडत नाही. वरच्या चौकटीत नाव टाइप कर, खालच्या रांगेतून तो निवड, आणि कुठे ठेवलाय ते तूच दाखव." मी नाव टाइप केलं, ते मात्र झकास वेगाने. फिकट चित्रात ट्रक आला. मग कप्प्यात कप्पा, कप्प्यात कप्पा उघडत आम्ही तिघं बसलो. मुलाने खेळ असल्या जागी ठेवला होता की चोरालाही मिळू नये. सापडला तेव्हा ते फिकट चित्र रंगून वरच्या रांगेत जाऊन बसलं. आबांनी पडद्याला हात लावून कपाळाला लावला. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "बाई, आता तुमी घरी जावा. तुमची पर्स कंटाळली आसंल."

असा कृतघ्न माणूस. पण घाट सुरू झाला आणि मी घरी गेले नाही.

आबांच्या घाटाबद्दल मळवलीत सगळ्यांना माहीत होतं, तेव्हा तुम्हालाही माहीत असावं. आबा खरे ट्रक ड्रायव्हर. माल भरून हाच घाट उतरताना एकदा त्यांचे ब्रेक गेले. पुढे खिंड, दोन्ही बाजूंना कातळ. गाडी थांबवायची तर कुठल्यातरी कातळाला घासायलाच हवी होती. उजवीकडे स्वतः आबा, डावीकडे त्यांचा मेव्हणा, मावशीचा एकुलता भाऊ. आबांनी गाडी डावीकडे घातली. गाडी थांबली. मेव्हणा तिथेच गेला. आबांच्या हाताला खरचटलं होतं.

त्यात त्यांची चूक होती की नाही, हे ठरवणारे लोक ठरवून मोकळे झाले. लायसन गेलं. गावाने मात्र त्याची म्हण करून टाकली. कुणी बहिणीच्या नवऱ्याच्या गाडीत बसायला लागलं की पारावरून आवाज यायचा, "डावीकडं बसू नगंस रं!" आबांच्या देखत. मावशीच्या देखत. आमचं गाव तसं प्रेमळ आहे, पण विनोद सोडवत नाही.

मावशी त्या विषयावर कधी एक शब्द बोलली नाही. आबांचा स्वयंपाक केला, पाय चेपले, आजारपण काढलं. फक्त ती त्यांच्या डाव्या हाताला कधी बसायची नाही. देवळात नाही, एसटीत नाही. हे मला एवढी वर्षं शेजारी राहून दिसलं नव्हतं. ते दिसलं त्या कॉम्प्युटरपाशी. कारण तिथे दुसरी खुर्ची डावीकडेच ठेवायला जागा होती, आणि तरी ती उभ्याने लसूण सोलायची.

मंगळवार-बुधवार दुपारी आबा घाट उतरायचे. पडद्यावर आपला रंगीत ट्रक, भोंगा असा की कोंबड्या पळाव्यात. समोर येणाऱ्या यंत्रातल्या गाड्यांना ते आईबहिणीवरून शिव्या घालत आणि खिंड आली की एकदम गप्प होत. बारकाईने, ओठ दातांत धरून, खिंड पार. पार झाली की खुर्चीला पाठ टेकत. दर वेळी. एवढ्यासाठी तो खेळ होता, भोंग्यासाठी नव्हे, हे कळायला मला उशीर लागला. बॅरिस्टर ना मी.

एक दिवस खिंडीच्या तोंडाशी ते अडखळले. "पलीकडं दिसंना झालंय," म्हणाले. मावशीने लसणाची पाटी खाली ठेवली, डावीकडची खुर्ची ओढली आणि बसली. "मोकळं हाय," ती म्हणाली. "जाऊ द्या."

त्या दिवसापासून ती त्या खुर्चीत बसू लागली. मी पर्स सावरत घरी आले. तिथे तिसऱ्याचं काम नव्हतं.

आणि मग शेठ एका बुधवारी न सांगता आले.

आबा दचकून उठले. वाटलं आता खोली गेली. पण शेठ हसले, खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "अरे आबा, बसा बसा! चालवा!" आणि मोबाइल काढून शूटिंग केलं. ओरडले असते तर बरं झालं असतं. त्या शनिवारपासून आबा पाहुण्यांसमोर खेळ करू लागले. चहा झाला, भजी झाली की शेठ हाक मारणार, "आता आमच्या ड्रायव्हरचा शो!" मग चाकांना लाथा, फेरी, फडकं. पाहुणे टाळ्या वाजवत. एखादी पाहुणी मुद्दाम विचारी, "आबा, आम्ही चालवू?" म्हणजे ते लायसनचं म्हणतील. ते म्हणत. पाहुणे लोळत.

"नको म्हणा ना," मी एकदा आबांना म्हटलं.

"खोली त्यांची हाय, बाई. मशीन बी त्यांचंच हाय."

त्या शेवटच्या शनिवारी मीही होते. शेठने आग्रहाने बोलावलं होतं. आबा चाकं बघत होते तेवढ्यात अर्ध्या चड्डीतला एक पाहुणा माउसपाशी बसला. त्याने ते सॉफ्टवेअर उघडलं. वरच्या रांगेत ट्रक होताच, आम्ही तिघांनी कप्पे उपसून तिथे बसवलेला. त्याने बोट टेकवलं, खेळ निवडला, एक मॉड शोधून घातला आणि सगळ्यांना डोळा मारला. चहाचा कप गार व्हायच्या आत. मी वाचलं, यावेळी अर्थासकट. त्या मॉडने ट्रकचे ब्रेक काढून टाकले होते.

मी "अहो" म्हणाले. कुणाला ऐकू गेलं नाही. मी फार सभ्यपणे म्हणाले असणार.

उतार लागला. आबांनी पेडल दाबलं. पुन्हा दाबलं. मग खुर्चीतून अर्धे उठून सगळं वजन पायावर टाकलं. पाहुण्यांना हसू आवरेना. "अरे, खरंच घाबरला!" शेठ शूटिंग करत होते. मावशी डावीकडच्या खुर्चीत ताठ बसली होती, दोन्ही हात टेबलाच्या कडेला घट्ट. खिंड आली. त्यांनी स्टिअरिंग उजवीकडे ओढलं. पूर्ण उजवीकडे, स्वतःच्या अंगावर. ट्रक आबांच्या बाजूने कातळाला जाऊन भिडला आणि पडदा थांबला.

टाळ्या पडल्या. "एकदम ॲक्टिंग!" असं कुणीतरी म्हणालं.

मावशी पडद्याकडे बघत होती. मग आबांकडे वळली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा, अगदी साध्या आवाजात म्हणाली, "आता सुचलं व्हय तुमाला?"

पाहुण्यांना वाटलं नवरा-बायकोची थट्टा आहे. ते आणखी हसले. शेठच्या मोबाइलमध्ये ते वाक्यही आहे. पुढे कितीतरी जणांनी ते बघितलं म्हणतात. मावशी उठली आणि भज्यांच्या रिकाम्या ताटल्या गोळा करू लागली.

सकाळी आबा खोलीत नव्हते.

मावशी राहिली. बंगल्याला कुणीतरी लागतंच. काही दिवसांनी मी विचारलं तेव्हा म्हणाली, "लोहगडवाडीत हायेत. गडावर येणाऱ्यांच्या गाड्या लावून देत्यात."

"भेटायला जातेस?"

"डबा पाठवते."

"बोलणं होतं का?"

"डबा पाठवते म्हणलं न्हवं?"

मध्यंतरी नात आली होती, तिला गड चढायची हौस. मी पायथ्याशीच थांबले, टपरीवर चहा घेत. पलीकडे मोकळ्या रानात आबा शिट्टी फुंकत गाड्यांना मागे-पुढे हात करत होते. वाळले होते. मोठी नवी गाडी घेऊन आलेला एक मुलगा दोन गाड्यांच्या मध्ये अडकला. घामाघूम होऊन खाली उतरला आणि किल्ली आबांपुढे धरली. "काका, तुम्हीच लावून द्या ना. प्लीज."

आबांनी दोन्ही हात मागे नेले. तेवढ्यात त्यांना मी दिसले. जन्मभर त्यांना फिरून उत्तर देणारी मी तिथेच बसले होते, आणि ते माझ्याकडे बघत राहिले.

"न्हाई रं बाळा," ते त्या मुलाला म्हणाले. "मला गाडी येत न्हाई."

मी चहा पीत राहिले.