स्थगिती नाही, तोवर वाट आमची

बाबल गेला हे मला मालवणच्या कोर्टाच्या पायरीवर कळलं. आमच्या वाटेच्या दाव्याची तारीख होती. त्याला धाप लागायची, म्हणून मी एकटाच आलो होतो. घरून फोन आला... पुढचं मला नीटसं आठवत नाही. निघताना तो खाटेवरून म्हणाला होता, "साहेबान विचारल्यान तर सांग, स्थगिती नाय म्हणान." तेच त्याचं माझ्याशी शेवटचं बोलणं.

मी तिसरी शिकलेला, तो चौथी. त्या एका यत्तेचा त्याला जन्मभर माज. आम्ही एकाच रापणीचे, किनाऱ्यावर उभं राहून एकाच जाळ्याचा दोर ओढणारे. वाडीतून दर्यावर होडी न्यायची आमची वाट माडांच्या बागेतून जाते. बाग विकली गेली, नव्या मालकाने गेट घातलं, आम्ही कोर्टात गेलो. पलीकडच्या गावच्या रापणकरांनी अशीच वाट जिल्हा कोर्टात जिंकली होती. बाबलने तो निकाल धरला तो धरलाच. मालकाचा वकील म्हणाला, "त्यावर हायकोर्टात अपील आहे, त्याचा आधार कसा घेता?" न्यायाधीशांनी विचारलं, "स्थगिती मिळाली आहे?" "नाही," वकील म्हणाला. "मग आज तो निकाल उभा आहे," साहेब म्हणाले, आणि दावा संपेपर्यंत गेट उघडं ठेवायचा हुकूम झाला.

त्या दिवशी परतताना एसटीत मी बाबलला विचारलं, "अपिलात तो उलटलो तर? आपलो हुकूम रवतलो?"

"उलटतलो तेवा बघू. उद्या मरतलंस म्हणान आज जेवचा सोडतंस काय रे?"

गाडीतले सगळे हसले. मला राग आला. मी अजून म्हणतो, माझं विचारणं बरोबर होतं. दुसऱ्याच्या खांबावर छप्पर टाकलं तर त्या खांबाची काळजी नको? पण बाबलला काळजी वेगळीच होती. हुकूम असूनही रखवालदार गेट उघडायला उशीर करी. एकदा पोरं कंटाळली, होडी खाडीकडून वळसा घालून नेऊ म्हणाली. हा धापा टाकत होडीच्या आडवा उभा राहिला. "तिकडसून एकदा नेलात काय मालक कोर्टात सांगतलो, हेंका दुसरी वाट आसा!" आमची पोरं तेवढंच चुकणार होती. त्या दिवशी रापण उशिरा लागली, पण वाट राहिली.

कोर्टातून मी पोचलो तेव्हा तिरडी बांधून झाली होती. आमचं मसण किनाऱ्यालाच. बागेशी आलो तर गेटला कुलूप. पुतण्या हळूच म्हणाला, "काका, मयत घेवन वाद नको... खाडीकडसून जावया." मी म्हटलं, "नाय." मयताला वाटेत एकदा विसावा देतात, तो आम्ही गेटासमोरच दिला. भर उन्हात तो खाली निजलेला आणि आम्ही सगळे उभे. मग रखवालदार चावी घेऊन धावत आला, चपला काढून बाजूला झाला. बाबल त्याच्या वाटेनेच गेला.

हायकोर्टातलं ते अपील अजून पडूनच आहे. लागेल तेव्हा लागेल... परवा वहिनीने मला घरी बोलावलं. बाबल तारखेला घालायचा तो पांढरा सदरा तिने धुऊन इस्त्री करून ठेवला होता. "भावजी, फुडच्या तारखेक हो घालून जावा," एवढंच म्हणाली आणि आत गेली. सदरा मला खांद्यांत ढगळ होतो. दुसऱ्याचं कापड मी जन्मात अंगाला लावलेलं नाही.

हा घालणार.